दुजी आधी दुसऱ्या कुणाला तरी दिसू द्या

प्रश्न : मी एक अद्भुतकादंबरी लिहितेय. जग संपूर्ण काल्पनिक आहे. एका मोठ्या नदीचं खोरं, वर्षातल्या मोजक्या रात्री उतरणारं दाट धुकं, आणि त्या धुक्यात प्रत्येकाला कधी ना कधी भेटणारं त्याचंच भुतासारखं रूप. खोऱ्यातले लोक त्याला 'दुजा' म्हणतात, बाईचं असेल तर 'दुजी'. माझी नायिका नावाडीण आहे. दुसऱ्याच प्रकरणात तिला पैलतीरावर स्वतःची दुजी दिसते, दोघी समोरासमोर येतात आणि दुजी तिला सांगते, 'सातव्या धुक्यात तू बुडून मरशील.' पुढे दुजी हळूहळू तिची जागा घेऊ लागते आणि शेवटी दोघींची झुंज होते. दुज्यांचे सगळे नियम मी एका जाडजूड वहीत लिहून ठेवलेत. काही मैत्रिणींना वाचायला दिलं. सगळ्या म्हणाल्या, छान आहे, पण भेटीच्या प्रसंगात काहीच वाटलं नाही. एकीला तर ती जुळी बहीणच वाटली! काय चुकतंय? नियम आधी सांगायला हवे होते का? निवेदन 'मी'चं ठेवू की 'ती'चं? दोघींना 'ती' म्हणताना माझाच गोंधळ उडतो. आणि शेवटी दुजीचं काय करू? भेटीचा प्रसंग सोबत जोडलाय.

उत्तर : जुळी बहीण वाटली असं म्हणणाऱ्या मैत्रिणीला सांभाळून ठेवा. बाकीच्यांनी तुमचं मन राखलं, हिने दुखणं सांगितलं. कागदावर चेहरा नसतो. पडद्यावर एकच नटी दोनदा दिसली तर प्रेक्षक दचकतो, कारण साम्य त्याला डोळ्यांनी दिसतं. तुमच्या वाचकाने नावाडणीला जेमतेम एक प्रकरण ओळखलंय आणि तिचा चेहरा त्याने कधीच पाहिलेला नाही. मग 'हुबेहूब तीच' या शब्दांनी त्याच्या पोटात गोळा यावा कसा? तुम्ही म्हणताय म्हणून तो मान डोलावतो आणि पान उलटतो.

पण मला त्याहून जास्त खटकलं ते दुसरंच. प्रसंगात नायिका कंदील वर धरते, समोरच्या बाईकडे बघते आणि लगेच मनात म्हणते, 'ही तर मीच!' इतक्या पटकन तिला कळलं कसं?

तुमच्या खोऱ्यात आरसे आहेत का? प्रसंगात तरी मला एकही दिसला नाही. काचेवर चांदीचा पातळ थर चढवायची पद्धत युस्टुस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने १८३५ मध्ये शोधली, आणि त्यानंतर चांगला आरसा सामान्य घरांत पोचू लागला. त्याआधी घासलेला धातू, नाहीतर कथील आणि पारा लावलेली महागडी काच. काल्पनिक जगाला आपला इतिहास लागू नाही हे मान्य, पण वल्ही, दोर आणि तेलाचे कंदील असलेल्या त्या खोऱ्यात नावाडणीच्या घरी चांगला आरसा असेल असं वाटत नाही. तिने स्वतःला पाहिलंय ते पाण्यात, वरून, वाकून, लाटांनी मोडलेलं. समोरून, कुणीतरी आपल्याकडे चालत येतंय अशा कोनातून, तिने स्वतःला आयुष्यात कधी पाहिलेलंच नाही.

आरसा असता तरी अडचण सुटत नाही. आरशातला चेहरा उलटा असतो. तिच्या उजव्या गालावर तीळ असेल तर प्रतिबिंबात तो तिच्या उजव्या हाताच्या बाजूलाच दिसतो, पण समोर उभ्या राहिलेल्या दुजीच्या गालावर तो तिच्या डाव्या हाताच्या बाजूला दिसेल. भांग उलटा, ओठांची तिरकी ठेवण उलटी, एक भुवई किंचित वर असेल तर ती दुसऱ्या बाजूची. हा फरक बारीक असतो, पण मनाला तो कळतो. १९७७ साली अमेरिकेत एक प्रयोग झाला. विद्यार्थिनींना त्यांच्याच फोटोच्या दोन प्रती दाखवल्या, एक सरळ आणि एक आरशासारखी उलटी. त्यांचा स्वतःचा कल उलट्या प्रतीकडे होता, तर त्यांच्या जवळच्या मित्रमैत्रिणींचा सरळ प्रतीकडे. जे रोज बघतो तेच बरं वाटतं. म्हणजे आपण जगाला जसे दिसतो तसे आपल्याला स्वतःला थोडे कमीच आवडतो.

आवाजाचंही तेच. आपला आवाज आपल्याला हवेतून ऐकू येतो तसा कवटीच्या हाडांमधूनही येतो, म्हणून तो जरा भरदार वाटतो. रेकॉर्ड केलेला स्वतःचा आवाज ऐकून जवळजवळ प्रत्येकाचं तोंड वाकडं होतं ते त्यामुळेच, कारण हाडांतून येणारा भाग तिथे नसतो. दुजी बोलली तर नावाडणीला एक पातळ, परका, थोडा चिरका आवाज ऐकू येईल. तो आपला आहे हे तिला कुणी सांगितल्याशिवाय समजायचं नाही.

तेव्हा पहिल्या भेटीत तिच्या मनात यायला हवं ते एवढंच : हिला कुठेतरी पाहिलंय. आणि पाठोपाठ, का कोण जाणे, ही बाई मला आवडली नाही. माझ्या हातात ही कादंबरी असती तर मी आणखी एक पाऊल पुढे गेले असते. तुमच्या नायिकेची आई वारलेली आहे, असं पहिल्या प्रकरणात ओझरतं आलंय. नाकडोळे आईचे असतील तर धुक्यात समोर आलेली बाई तिला आधी आईच वाटेल. ती भुताला हाक मारेल, आणि हाक चुकीची असेल. हा गैरसमज एखाद्या प्रकरणापुरता टिकला तरी तुम्हाला जो धक्का हवाय तो मिळेल, आणि 'जुळी बहीण' ही शंकाही उरणार नाही.

हे निव्वळ तर्काने सांगत नाही. २००६ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या डॉक्टरांनी 'नेचर' या नियतकालिकात एका २२ वर्षांच्या रुग्ण बाईची हकीकत छापली. अपस्माराच्या शस्त्रक्रियेआधीची तपासणी चालू होती आणि मेंदूच्या डाव्या बाजूला, कानशिलाच्या मागच्या-वरच्या भागात, अगदी सौम्य विद्युतप्रवाह दिला जात होता. प्रवाह सुरू झाला की आपल्या मागे कुणीतरी आहे असं तिला वाटायचं. ती आडवी असेल तर तेही आडवं. ती गुडघ्यांना मिठी मारून बसली तर तेही बसलं आणि त्याने तिला मागून कवेत घेतलं, जे तिला अजिबात आवडलं नाही. तिला हातातल्या कार्डावरचा शब्द वाचायला सांगितला तेव्हा ती म्हणाली की त्याला हे कार्ड हिसकावून घ्यायचंय. ते आपल्यासारखंच बसतं-झोपतं हे तिच्या लक्षात आलं होतं. तरीही ती छाया म्हणजे आपल्याच शरीराचा भास आहे, हे तिने ओळखलं नाही. तिच्यासाठी तो कुणीतरी परका होता.

कार्ड हिसकावायची ती इच्छा मला फार मोलाची वाटते. शाप नाही, भविष्यवाणी नाही, मोठा हेतू नाही. तुम्ही जे करताय ते तुम्हाला करू द्यायचं नाही, बस्स. तुमच्या दुजीला असं काहीतरी छोटं आणि ठोस हवं असू द्या. दोर हवा असेल, वल्हं हवं असेल.

आता मुद्द्यावर येते. नायिका स्वतःला सगळ्यात शेवटी ओळखणार असेल, तर आधी ओळखणार कोण? तिला रोज समोरून बघणारे. उतारू, शेजारीण, धाकटा भाऊ, धक्क्यावरचं कुत्रं. दुजी आधी त्यांना भेटली पाहिजे. पानांमागून पानं ती फक्त दुसऱ्यांच्या बोलण्यातून येऊ द्या.

लोकसमजुतींमध्येही हे सापडतं. नॉर्वेत अशी समजूत आहे की माणूस घरी पोचण्याआधीच त्याच्या येण्याचे आवाज येतात. पायऱ्यांवर पावलं वाजतात, दाराशी खुडबुड होते, घरचे बघायला जातात तर कुणीच नसतं, आणि खरा माणूस थोड्या वेळाने येतो. त्यात भीती फारशी नाही, पण बघा, ज्याचं प्रतिरूप आहे त्याला त्याचा पत्ताही नसतो. आयर्लंडमधल्या समजुतीत जिवंत माणसाचं प्रतिरूप दुसऱ्या कुणाला सकाळी दिसलं तर त्या माणसाला दीर्घायुष्य आणि संध्याकाळी दिसलं तर मरण. म्हणजे तुमच्या मरणाची बातमी तुमच्या आधी शेजाऱ्याला! त्याने ती तुम्हाला सांगायची की नाही, यावरच एक प्रकरण उभं राहतं.

१८६० मध्ये छापलेल्या एका इंग्रजी पुस्तकात तेव्हाच्या लिव्होनियातल्या, म्हणजे आजच्या लॅटव्हियाच्या भागातल्या, एका मुलींच्या शाळेची गोष्ट आहे. खरी-खोटी देव जाणे, ती ऐकीव माहितीवरच उभी आहे. पण कथालेखकाने ती शिकण्यासारखी आहे. फ्रेंच शिकवणाऱ्या बाई खिडकीबाहेर बागेत फुलं तोडताहेत आणि वर्गातल्या खुर्चीवरही त्याच बसल्या आहेत, असं मुलींनी पाहिलं. दोघी-तिघींनी नाही, खोलीभर मुलींनी. बाईंना स्वतःला मात्र काहीही दिसत नव्हतं. आणि एक तपशील, ज्याच्यासाठी मी ही गोष्ट सांगितली : खुर्चीवरची आकृती ठळक असताना बागेतल्या बाई मंदावल्या होत्या, झोपेत असल्यासारख्या हलत होत्या. दुजेपणाची किंमत काय, ते इथे एका वाक्यात समजतं, आणि ते सांगायला वही लागली नाही.

आपल्याकडचं उदाहरण तर तुम्ही लहानपणीच ऐकलेलं असणार. सूर्याचं तेज सोसेना म्हणून संज्ञा आपली छाया त्याच्या घरी ठेवून निघून गेली. सूर्याला कळलं का? नाही. संसार चालू राहिला, छायेला मुलंही झाली. मार्कंडेय पुराणातल्या कथेत ती आपल्या मुलांना झुकतं माप देऊ लागली, यमाने रागाने पाय उगारला आणि तिने त्याला शाप दिला. तेव्हा यम बापाकडे जाऊन म्हणाला की मुलगा वाईट वागला तरी आई असा शाप देत नाही, ही आमची आई नव्हे. चेहऱ्यात काहीच फरक नव्हता. बिंग फुटलं ते वागण्यावरून, आणि ते ओळखलं मुलाने. नवऱ्याला मुलाने सांगावं लागलं. (पुराणकारांना घरं चांगली माहीत होती.)

तेव्हा दुसरं प्रकरण असं करून बघा. सकाळी एक उतारू नावेत बसतो, भाडं मागितल्यावर चिडतो, 'मघाशी दिलं की तुझ्या हातात.' नावाडीण म्हणते, मघाशी मी घरी होते. तो हसतो. दुसऱ्या दिवशी शेजारीण विचारते, 'काल रात्री हाक मारली तर वळून पाहिलं नाहीस, रागावलीस का?' मग घरातलं कुणीतरी एक वाक्य बोलतं ज्यात जरा जास्त माया आहे, कारण काल 'तिने' त्यांच्याशी नेहमीपेक्षा बरं वागलेलं असतं. धुकं, कंदील, पैलतीर यातलं काहीही अजून आलेलं नाही, आणि तरी वाचक सावरून बसलाय. प्रत्यक्ष भेट खूप मागे ढकला, मधल्या भागापर्यंत गेली तरी चालेल.

आणि ती भेट छोटी ठेवा. तुमच्या प्रसंगात दुजी दोन पानं बोलते. धुक्यात आलेलं भूत इतकं सविस्तर बोलायला लागलं की ते सरकारी पत्रक वाचून दाखवल्यासारखं वाटतं. जर्मन कवी गटेने आत्मचरित्रात लिहिलंय की प्रेयसीचा निरोप घेऊन घोड्यावरून जाताना त्याला समोरून स्वतःच येताना दिसला, कधी न घातलेल्या करड्या, थोडी जर असलेल्या कपड्यांत. शब्द एकही नाही. आठ वर्षांनी त्याच वाटेने, उलट दिशेने जाताना अंगावर तसेच कपडे होते आणि ते त्याने मुद्दाम घातले नव्हते. त्या दृश्याने त्याला निरोपाच्या घडीला थोडं शांतच वाटलं होतं. इंग्रज कवी शेली १८२२ च्या जुलैमध्ये बुडून मेला. त्याच्या बायकोने नंतर एका पत्रात लिहिलं की मरणाआधी त्याने गच्चीवर स्वतःचीच आकृती पाहिल्याचं सांगितलं होतं, आणि त्या आकृतीने एकच प्रश्न केला होता : किती दिवस असं समाधानात राहायचा विचार आहे?

हा प्रश्न आणि 'सातव्या धुक्यात बुडून मरशील' हे दोन्ही शेजारी ठेवून बघा. दुसऱ्या वाक्यात माहिती आहे, त्यामुळे वाचक आकडे मोजायला लागतो आणि पहिली सहा धुकी निर्धास्त होतो. पहिल्या वाक्यात तसं काहीच नाही, आणि ते झोपू देत नाही. सात धुक्यांची गोष्ट तुम्हाला हवीच असेल तर ती खोऱ्यातल्या म्हाताऱ्यांच्या तोंडी अफवा म्हणून राहू द्या, आणि त्यांचंही आपसात जमू देऊ नका. एक म्हणेल सात, दुसरा म्हणेल कुणाकुणाला पहिल्यातच नेतं.

वहीबद्दल. ती तुमच्यासाठी आहे, वाचकासाठी नाही. तिच्यातले दोनच नियम पुस्तकात दिसायला हवेत. एक, दुजीमुळे मूळ बाईचं काय जातं. दुसरा, दोघींतली दुजी कोणती हे कशावरून कळतं. दमयंतीसमोर पाच नळ उभे राहिले तेव्हा तिने देवांनाच विनवलं आणि त्यांच्या खुणा उघड झाल्या : घाम नाही, पापणी लवत नाही, माळ कोमेजत नाही, अंगावर धूळ नाही, पाय जमिनीला टेकत नाहीत, सावली नाही. ज्याला घाम आला होता आणि ज्याची फुलं सुकली होती तो तिचा नळ. इथे माणसाची खूण म्हणजे त्याचा थकवा, त्याचा मळ. तुमच्या नावाडणीकडे असं काय आहे? माझ्या मते तळहातावरचे घट्टे. दुजीचे हात मऊ असतील. पण हे तुम्ही सांगू नका. भाडं देणाऱ्या त्या उतारूलाच पुढे कधीतरी सहज बोलू द्या, की त्या दिवशी तुझा हात फार मऊ लागला.

निवेदन प्रथमपुरुषी ठेवा, माझा स्पष्ट कौल आहे. सगळा पुरावा दुसऱ्यांच्या तोंडून यायचाय, तेव्हा तो ऐकणारी, नाकारणारी, मग रात्री मोजत बसणारी 'मी' हवी. सर्वनामांचा घोळही मिटतो : मी ती मी, दुजी ती ती. दुसऱ्या पात्रांना मात्र दोघींनाही एकाच नावाने हाक मारू द्या. त्यांच्या दृष्टीने बाई एकच आहे. मग जिथे ओळख पटते त्या एका ठिकाणी व्याकरण मोडा. मी दोर सोडला, आणि धक्क्यावरून मी मला जाताना पाहत होते. असे भास होणाऱ्या काही रुग्णांनाही नेमकं हेच सांगता येत नाही की आपण या शरीरात आहोत की त्या. एवढं एकच वाक्य पुरे. दुसऱ्यांदा केलंत तर ती क्लृप्ती होईल.

शेवट. झुंजीचा मला कंटाळा आहे, हे आधीच सांगते. दोघी सारख्या, दोघी भिजलेल्या, आणि खरी कोण हे ओळखायचा खेळ. असे प्रसंग वाचकाने पुरेसे पाहिलेत. तुमच्या कथेत त्याहून वाईट शक्यता आधीच दडलेली आहे आणि तुम्ही तिच्याकडे पाहिलेलं नाही. दुजी तिची जागा घेतेय, तर घरच्यांना ते कळलंय का? कळलं असेल आणि ते गप्प असतील तर? दुजी कमी चिडते, धाकट्या भावाचं ऐकून घेते, उतारूंशी गोड बोलते. कुणाला राहू द्यायचं हे नावाडणीने किंवा दुजीने ठरवण्याऐवजी त्या घराने ठरवलं तर? तुमच्या मैत्रिणींपैकी एकीला तरी यावर तुमच्याशी भांडावंसं वाटेल.

आणि एवढं सांगूनही झुंज ठेवणारच असाल तर ती कशावर जिंकली किंवा हरली जाणार, ते पहिल्या पन्नास पानांत वाचकाच्या डोळ्यांसमोरून एकदा जाऊ द्या. घट्टे, दोराची गाठ, पोहण्याची पद्धत, काहीही. ऐनवेळी वहीतून नवा नियम काढून नायिकेला वाचवलंत तर वाचक त्याला फसवणूक म्हणेल, आणि मी त्याचीच बाजू घेईन.